अटकपूर्व जामिनाचा निर्णय आणि बालकाची बाजू

१

अटकपूर्व जामिनाच्या अर्जावरील आदेश हा न्यायालयीन लेखनातील एक अल्पायुषी प्रकार होय. त्यात दोषादोषाचा निवाडा नसतो, साक्षीपुराव्याची छाननी नसते, आणि एकदा खटला उभा राहिला म्हणजे त्या आदेशाकडे सहसा कोणी वळून पाहत नाही. यामुळेच की काय, अंतिम निकालपत्रांची जशी चिकित्सा होते तशी या आदेशांची होत नाही. तथापि लैंगिक अपराधांपासून बालकांचे संरक्षण करणाऱ्या २०१२ च्या अधिनियमाखालील, म्हणजे व्यवहारात ‘पोक्सो’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कायद्याखालील प्रकरणांत, बालकाच्या वाट्याला येणारा पहिला न्यायनिर्णय पुष्कळदा हाच असतो. ज्याच्याविरुद्ध तक्रार केली तो मनुष्य उद्या सकाळी गावात दिसणार की नाही, हे त्या दोन-चार पानांच्या आदेशावर ठरते.

हा प्रश्न एखाद्या गावातून पाहिला म्हणजे त्याचे स्वरूप अधिक स्पष्ट होते. सास्तूर हे धाराशिव जिल्ह्याच्या लोहारा तालुक्यातील गाव. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी परिसरात झालेल्या भूकंपाने ज्या गावांची वाताहत केली त्यांत सास्तूरची गणना होते. येथील गुन्ह्याचा तपास लोहाऱ्याचे पोलीस करणार, जामिनाचा अर्ज उमरग्याच्या सत्र न्यायालयापुढे चालणार, आणि तेथे ज्याच्या विरुद्ध निर्णय जाईल त्याला अडीचशे किलोमीटरांहून अधिक अंतरावरील छत्रपती संभाजीनगरचे, म्हणजे पूर्वीच्या औरंगाबादचे, खंडपीठ गाठावे लागणार. या सर्व वाटेवर आरोपीचा वकील असतो, सरकारी अभियोक्ता असतो, तपासी अंमलदार असतो. बालक मात्र गावातच असते. आणि गाव लहान असल्यामुळे आरोपीचे घर, विहीर, दुकान वा शेत त्याच्या रोजच्या वाटेवरच असते.

न्यायालयापुढे या टप्प्यावर जो प्रश्न प्रामुख्याने मांडला जातो तो असा : आरोपीला कोठडीत घेऊन त्याची चौकशी करणे आवश्यक आहे काय? प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन असे की, बालसंरक्षणाच्या प्रकरणांत हा प्रश्न गौण आहे. मुख्य प्रश्न निराळाच आहे. आरोपी मोकळा राहिल्यास बालकाची साक्ष पुरी होईपर्यंत त्या बालकावर कोणाची पकड राहील? कायद्याने व न्यायालयांनी हा दुसरा प्रश्न कधी विचारला, कधी टाळला आणि कधी त्याच्या जागी वयाची एक रेघ ओढून समाधान मानले. या तिन्ही प्रवृत्तींचा क्रमाने विचार करणे इष्ट होईल.

२

अटकपूर्व जामिनाची तरतूद आपल्या कायद्यात मूळची नव्हे. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ती नव्हती. विधी आयोगाने १९६९ च्या आपल्या एकेचाळिसाव्या अहवालात तिची शिफारस केली आणि १९७३ च्या संहितेत कलम ४३८ म्हणून ती आली. आयोगापुढे जे चित्र होते ते लक्षात घेण्याजोगे आहे. वजनदार माणसे आपल्या प्रतिस्पर्ध्यांना खोट्या प्रकरणांत गुंतवून काही दिवस तुरुंगात डांबण्याचा प्रयत्न करतात, आणि अशा माणसाला आधीच संरक्षण मिळाले पाहिजे, हे त्या शिफारशीमागील एक प्रमुख कारण होते. म्हणजेच या कलमाच्या जन्मकथेत दुर्बल आहे तो आरोपी, आणि सबल आहे तो तक्रारदार.

१९८० साली गुरबक्षसिंग सिब्बिया यांच्या प्रकरणात सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींच्या पीठाने या कलमाचा उदार अर्थ लावला. संसदेने जी बंधने घातली नाहीत ती न्यायालयाने अर्थ लावण्याच्या निमित्ताने घालू नयेत, हे त्या निकालाचे सार होय. १९९३ साली महाराष्ट्राने हे कलम आपल्यापुरते नव्याने घडविले. आरोपाचे स्वरूप व गांभीर्य, आरोपीचे पूर्ववृत्त, केवळ मानहानीच्या हेतूने आरोप केला असण्याची शक्यता आणि पलायनाचा संभव हे विचारात घ्यावयाचे मुद्दे त्यात नमूद केले होते. पुढे २०१० साली सोलापूर जिल्ह्यातून उद्भवलेल्या सिद्धाराम म्हेत्रे यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे मुद्दे अधिक विस्ताराने सांगितले, आणि २०२० साली सुशीला अग्रवाल प्रकरणातील पाच न्यायमूर्तींच्या पीठाने असा जामीन सामान्यतः मुदतबंद असू नये, परंतु प्रकरणाच्या गरजेप्रमाणे अटी घालता येतील, असे ठरविले.

व्यक्तिस्वातंत्र्याच्या दृष्टीने ही परंपरा अभिमानास्पद आहे, यात शंका नाही. परंतु तिच्यात दोनच पक्ष आहेत : एक नागरिक आणि दुसरे शासन. पोक्सो प्रकरणात तिसरा पक्ष असतो, आणि तो सर्वांत दुर्बल असतो. मानहानीच्या हेतूचा मुद्दा घ्या. दोन प्रौढ प्रतिस्पर्ध्यांच्या वादात तो समर्पक आहे. दहा वर्षांच्या मुलाने शेजाऱ्याविरुद्ध काही सांगितले असता तोच मुद्दा जसाच्या तसा लावला, तर मुलाच्या बोलण्यामागे वडीलधाऱ्यांचा बांधाचा तंटा शोधण्याची सवय न्यायालयाला लागते. असा तंटा कधी खरोखरच असतो, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु तंटा असणे आणि अत्याचार होणे या परस्परांना वगळणाऱ्या गोष्टी नव्हेत. किंबहुना ज्याच्याशी वैर आहे त्याच्याविरुद्ध केलेली तक्रार संशयास्पद, आणि ज्याच्यावर घर अवलंबून आहे त्याच्याविरुद्ध तक्रार करण्याची छातीच होत नाही, असा दुहेरी पेच येथे उभा राहतो.

३

या परंपरेतील उणिवेचे ठळक उदाहरण मराठवाड्याच्याच खंडपीठापुढे आले. जळगाव जिल्ह्यातील एका शाळकरी मुलीवर दूरच्या नात्यातील तरुणाने वारंवार अत्याचार केल्याचा आरोप होता. फिर्यादीप्रमाणे घटना २०१४-१५ च्या सुमाराच्या. गुन्हा नोंदला गेला तो २०१९ मध्ये. दरम्यान मुलगी सज्ञान झाल्यावर विवाह लावून देण्याचे आश्वासन दिले गेले होते, आणि दोन्ही घरांमध्ये मुद्रांकित कागदावर लेखही झाला होता. विवाह झाला नाही, तेव्हा प्रकरण पोलिसांकडे गेले. जानेवारी २०२० मध्ये सत्र न्यायालयाने आरोपीला अटकपूर्व जामीन दिला. ५ फेब्रुवारी २०२१ रोजी औरंगाबाद खंडपीठाने तो रद्द केला. फिर्यादीतील एका तपशिलावरून संमतीचे अनुमान काढणे, आणि अल्पवयीन मुलीला पुरेशी समज होती असे म्हणणे, या सत्र न्यायालयाच्या विचारपद्धतीवर उच्च न्यायालयाने अत्यंत कठोर शब्दांत टीका केली.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. १ मार्च २०२१ रोजी सरन्यायाधीश शरद बोबडे यांच्या अध्यक्षतेखालील पीठाने आरोपीच्या वकिलांना तो त्या मुलीशी विवाह करणार आहे काय, असे विचारल्याचे वृत्त प्रसिद्ध झाले आणि देशभर वाद उठला. आठवडाभरानंतर न्यायालयाने, तो प्रश्न अभिलेखातील विवाहाच्या आश्वासनासंबंधी होता, त्यात आग्रह वा सूचना नव्हती, असा खुलासा केला. प्रत्यक्ष आदेशाने आरोपीला नियमित जामिनासाठी अर्ज करण्याची मुभा आणि चार आठवडे अटकेपासून संरक्षण एवढेच दिले.

वाद त्या एका वाक्याभोवती फिरत राहिला. अभ्यासकाच्या दृष्टीने मात्र अधिक महत्त्वाचा आहे तो मुद्रांकित कागद. सत्र न्यायालयाच्या विचारपद्धतीत असा कागद दोन घरांतील सलोख्याची व म्हणून संमतीची खूण ठरू शकतो. पण तोच कागद उलट दिशेने वाचता येतो. अल्पवयीन मुलीच्या घराने अत्याचाराची वाच्यता न करता आरोपीच्या घराशी लेखी तडजोड करावी, यावरूनच दोन घरांच्या बळातील अंतर दिसते. तक्रारीला चार वर्षे विलंब का झाला, या प्रश्नाचे उत्तरही त्याच कागदात आहे. कोठडीची आवश्यकता आहे काय, एवढेच विचारणाऱ्या न्यायालयाला हा कागद आरोपीच्या बाजूचा वाटतो. पकड कोणाची, असे विचारणाऱ्या न्यायालयाला तो बालकाच्या बाजूचा पुरावा वाटेल. गावोगाव पंच, भावकी व मध्यस्थ यांच्या साक्षीने अशा तडजोडी होतात हे ज्याला ठाऊक आहे, त्याला हा भेद केवळ तर्काचा वाटणार नाही.

याच सुमारास, २१ फेब्रुवारी २०२२ रोजी, झारखंडमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, बालक अल्पवयीन असता प्रेमसंबंध असल्याचे कारण जामिनाच्या विचारात अप्रस्तुत आहे, असे स्पष्ट करून उच्च न्यायालयाने दिलेला जामीन रद्द केला. ते प्रकरण नियमित जामिनाचे होते. पण त्यातील तत्त्व अटकपूर्व टप्प्यास अधिकच लागू पडते.

४

न्यायालयांच्या विवेकावर विसंबून न राहता संसदेने दुसरा मार्ग धरला. कठुआ व उन्नाव येथील घटनांनंतर २०१८ च्या दुरुस्तीने सोळा वर्षांखालील मुलीवरील बलात्काराच्या आणि सामूहिक बलात्काराच्या आरोपांत अटकपूर्व जामिनाला मनाईच करण्यात आली. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ मध्ये हीच मनाई पुढे चालू आहे. भारतीय न्याय संहितेचे कलम ६५, म्हणजे सोळा वर्षांखालील मुलीवरील बलात्कार, आणि कलम ७० चे दुसरे पोटकलम, म्हणजे अठरा वर्षांखालील मुलीवरील सामूहिक बलात्कार, यांच्या आरोपांत असा अर्जच चालत नाही. मात्र महाराष्ट्राच्या १९९३ च्या कलमात जे विचारार्ह मुद्दे नमूद होते, त्यांचा या नव्या कलमात उल्लेख नाही. एका हाताने मनाई कडक केली आणि दुसऱ्या हाताने उरलेल्या प्रकरणांतील मार्गदर्शन काढून घेतले, असा हा प्रकार आहे.

या मनाईचे परीक्षण केल्यास तीन विसंगती आढळतात. पहिली अशी की, पोक्सो अधिनियमात स्वतंत्र मनाई नाही. ती केवळ न्याय संहितेतील कलमांशी जोडलेली आहे. न्याय संहितेतील बलात्काराची व्याख्या स्त्रीपुरती आहे, पोक्सो मात्र मुलगा-मुलगी असा भेद करीत नाही. परिणामी दहा वर्षांच्या मुलावर तसाच अत्याचार केल्याचा आरोप असलेला मनुष्य अटकपूर्व जामीन मागू शकतो. मुलाचे भय मुलीच्या भयापेक्षा कमी असते, असे मानण्यास आधार कोणता?

दुसरी विसंगती अधिकारासंबंधी आहे. पोक्सोच्या कलम ५ मध्ये नातलग, शिक्षक, रुग्णालयातील वा वसतिगृहातील कर्मचारी, लोकसेवक यांच्याकडून घडलेला अपराध गुरुतर मानला आहे, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर त्यास किमान वीस वर्षांची शिक्षा आहे. हे कलम पकडीचा प्रश्न बरोबर ओळखते. तथापि जामिनाच्या मनाईने या कलमाकडे पाहिलेलेच नाही. सतरा वर्षांच्या निवासी विद्यार्थिनीवर एकट्या अधीक्षकाने अत्याचार केल्याचा आरोप असेल, तर त्याचा अटकपूर्व जामिनाचा अर्ज चालू शकतो; आणि तो मोकळा राहिला तर हजेरीपट, साक्षीदार मुले व सहकारी कर्मचारी ही सर्व त्याच्याच हाताखाली राहतात. संस्थेच्या बाबतीत न्यायालये हे जाणत नाहीत असे नाही. बदलापूर येथील शाळेतील २०२४ च्या प्रकरणात शाळेच्या दोन पदाधिकाऱ्यांवर, घटना कळूनही पोलिसांना वेळेवर न कळविल्याचा आरोप होता. १ ऑक्टोबर २०२४ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने त्यांना अटकपूर्व जामीन नाकारला. शिक्षा अल्प असलेल्या आरोपातही संस्थेवरील सत्तेचा विचार करता येतो, हे त्यावरून दिसते.

तिसरी विसंगती सर्वांत नाजूक आहे, आणि ती सास्तूरच्या परिसराला सर्वांत जवळची आहे. ती बालविवाहाची होय.

५

धाराशिव आणि शेजारच्या जिल्ह्यांतून ऊसतोडीसाठी दरवर्षी कुटुंबे बाहेर पडतात. मुलीला मागे कोणाच्या भरवशावर ठेवावे, या चिंतेतून तिचे लग्न लवकर उरकण्याची प्रवृत्ती मराठवाड्यात सुपरिचित आहे. अशी मुलगी गरोदर राहून रुग्णालयात आली, की पोक्सोच्या कलम १९ प्रमाणे पोलिसांना कळविणे डॉक्टरांवर बंधनकारक होते; न कळविणे हा अपराध आहे. भूकंपानंतर उभे राहिलेले सास्तूरचे स्पर्श ग्रामीण रुग्णालय असो वा तालुक्याचे सरकारी रुग्णालय असो, हे बंधन सर्वांना सारखेच आहे. २०१७ साली ‘इंडिपेंडंट थॉट’ या संस्थेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने अठरा वर्षांखालील पत्नीशी शरीरसंबंध हा बलात्कारच होय असे ठरविले, आणि नव्या न्याय संहितेने ते स्वीकारले. यामुळे पंधरा वर्षांच्या मुलीचा एकवीस वर्षांचा नवरा कलम ६५ च्या कक्षेत येतो आणि त्याला अटकपूर्व जामीन मागण्याची सोयच उरत नाही.

बालविवाह हा अपराध आहे आणि तो तसाच राहिला पाहिजे. परंतु ज्याच्या अटकेने त्या गरोदर मुलीचे संरक्षण होईल असा हा मनुष्य दर वेळी असतोच काय? २०२३ साली आसामात बालविवाहांविरुद्ध धरपकड झाली तेव्हा गौहाटी उच्च न्यायालयाने अटकपूर्व जामीन मंजूर करताना, लोकांच्या खाजगी जीवनात यामुळे हाहाकार माजला आहे, अशा आशयाचे मत नोंदविले आणि अशा प्रकरणांत पोक्सोची कलमे लावण्याबद्दल प्रश्न उपस्थित केला. त्या आदेशांशी पूर्णतः सहमत होता येत नाही, कारण विवाहाच्या आवरणाखाली जबरदस्तीही असू शकते. परंतु तेथे न्यायालयाला निदान विचार करता आला. कलम ४८२ च्या मनाईने तो विचारच बंद केला आहे.

येथे वयाच्या रेघेचा दोष उघड होतो. एकीकडे वसतिगृहाच्या अधीक्षकाला अर्ज करण्याची मुभा आहे, दुसरीकडे ज्याच्या मजुरीवर मुलीचे बाळंतपण निभावणार आहे त्या नवऱ्याला नाही. आणि मनाईची कळ कोठे आहे? पोलीस ठाण्यात फिर्यादीवर कोणते कलम लिहिले जाते यात. अनुसूचित जाती-जमातींच्या अत्याचार प्रतिबंधक कायद्यातील तशाच मनाईसंबंधी, प्रथमदर्शनी प्रकरणच नसेल तर मनाई लागू होणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली पृथ्वीराज चौहान प्रकरणात म्हटले. तो युक्तिवाद येथेही होऊ शकतो. पण त्याने खोट्या आरोपापुरतेच संरक्षण मिळेल. खऱ्या पण निराळ्या स्वरूपाच्या प्रकरणाचा प्रश्न त्याने सुटत नाही.

६

मग योग्य कसोटी कोणती? ती नव्याने शोधावी लागत नाही. तिचे अंश निकालांमध्ये विखुरलेले आहेत. सप्टेंबर २०२० मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने धर्मेंदर सिंग प्रकरणात पोक्सोतील नियमित जामिनासाठी मुद्द्यांची एक सूची दिली. बालकाचे वय, दोघांच्या वयांतील अंतर, नाते, धाकदपटशा, अपराधाची पुनरावृत्ती यांबरोबरच, मोकळा झाल्यास आरोपीला बालकापर्यंत सहज पोचता येईल काय, आणि दोघांच्या सामाजिक स्थानात किती अंतर आहे, हेही तीत आहे. कलम २९ मधील अपराधाचे गृहीतक दोषारोप ठेवल्यानंतरच लागू होते, असेही त्या निकालाने म्हटले. म्हणजे गृहीतकाचा आधार न घेताही बालकाच्या सुरक्षिततेचा विचार करता येतो, हे त्यात अभिप्रेत आहे. मार्च २०२१ मध्ये अपर्णा भट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, पीडितेकडून राखी बांधून घेण्याची मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने घातलेली जामिनाची अट रद्द केली आणि दोघांचा संपर्क घडवून आणणाऱ्या अटी घालू नयेत असे बजावले. एप्रिल २०२१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एका जनहित याचिकेवर, पोक्सो प्रकरणांतील जामीन अर्जांची सूचना बालकाच्या कुटुंबाला मिळालीच पाहिजे, असे निर्देश दिले. २०२२ साली लखीमपूर खेरी प्रकरणात पीडिताला प्रत्येक टप्प्यावर म्हणणे मांडण्याचा अधिकार आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले.

कागदावर ही व्यवस्था चांगली आहे. ती सास्तूरच्या उंबरठ्यापर्यंत कशी पोचते, हे पाहिले पाहिजे. सूचना बजावणार पोलीस. मायबाप उसाच्या फडावर असतील तर ती बंद दारावर लागणार किंवा म्हाताऱ्या आजीच्या हाती पडणार. उमरग्याला तारखेला जाणे म्हणजे एक दिवसाची मजुरी बुडणे, आणि अर्ज खंडपीठात गेला तर दोन दिवसांची. कलम ४० प्रमाणे वकिलाची मदत मिळण्याचा हक्क आहे, पण त्या दिवशी, त्या दालनात वकील उभा असला तरच त्याला अर्थ आहे. शिवाय जे भेटावयास येते ते सूचनापत्राच्या आधीच येते : आरोपीच्या घरचे कोणी, सरपंचाचा निरोप, किंवा उचल देणारा मुकादम.

पोक्सोच्या कलम ३५ प्रमाणे न्यायालयाने दखल घेतल्यापासून तीस दिवसांत बालकाचा पुरावा नोंदविला जावा, अशी अपेक्षा आहे. परंतु तपास पुरा होऊन दखल घेतली जाईपर्यंत जो काळ जातो तोच सर्वांत धोक्याचा, आणि अटकपूर्व जामीन नेमका त्याच काळावर सत्ता गाजवतो. यास्तव अर्ज मंजूर होवो वा नामंजूर, आदेशात काही प्रश्नांची उत्तरे लेखी असलीच पाहिजेत. बालक आज कोणाजवळ राहते? आरोपीचे घर, काम व नाते त्याच्यापासून किती दूर आहे? बालकाचे कुटुंब कर्ज, मजुरी, शाळा वा जमीन यांपैकी कशासाठी आरोपीवर अवलंबून आहे काय? दंडाधिकाऱ्यापुढील जबाब झाला आहे काय? आणि कुटुंबाला सूचना प्रत्यक्ष मिळाली काय?

या उत्तरांवरून निर्णय आपोआप नकाराकडेच जाईल असे नव्हे, ही गोष्ट विशेषतः ध्यानात घ्यावी. आरोपी निर्दोष मानला जाण्याचा अधिकार पोक्सो प्रकरणातही शाबूत आहे. अटक ही आगाऊ शिक्षा नव्हे. आणि केवळ जनक्षोभाच्या भयाने जामीन नाकारणारा आदेश हा संमतीचे अनुमान काढणाऱ्या आदेशाइतकाच सदोष आहे. जेथे पकड तुटू शकते तेथे अटींनी ती तोडावी : आरोपीने बालकाचा पुरावा होईपर्यंत तालुक्याबाहेर राहावे, संस्थेतील पदभार सोडावा, नातलगांमार्फतही निरोप पाठवू नये, आणि भंग होताच जामीन रद्द व्हावा. जेथे आरोपीच बालकाच्या घराचा कर्ता, शाळेचा चालक वा गावाचा धनी आहे, तेथे अटींचा कागद पुरणार नाही, आणि तेव्हा नकार हाच योग्य निर्णय होय. दोन्ही परिस्थितींत आदेशाचे कारण एकच राहील, आणि ते वाचणाऱ्याला कळेल.

अटकपूर्व जामिनाचे कलम प्रबळाच्या हातून दुर्बळाला वाचविण्यासाठी जन्मास आले. पोक्सोच्या प्रकरणात दुर्बळ कोण, हे ठरविण्याचे काम कायद्याने वयाच्या रेघेवर आणि पोलिसांनी लिहिलेल्या कलमावर सोपविले आहे. ते न्यायाधीशाचे काम आहे. लोहारा-उमरग्यासारख्या भागांतील अशा आदेशांचे, संबंधितांची नावे वगळून, पद्धतशीर वाचन विधी व समाजशास्त्र यांच्या विभागांनी एकत्र हाती घेतल्यास, न्यायालये हे काम प्रत्यक्षात कसे करतात याचे उत्तर अनुमानावर न राहता अभ्यासावर उभे राहील.